तेरा टक्क्यांची भिंत नक्की कुणाला वाचवते?

युरोपातल्या सुपरमार्केटमधलं स्मोक्ड सॅल्मनचं पाकीट उलटं करून बघा, कुठेतरी कोपऱ्यात एक छोटा लंबगोल शिक्का असतो, त्यात देशाची दोन अक्षरं आणि कारखान्याचा नंबर. जर्मनीत विकल्या जाणाऱ्या पाकिटांवर ही अक्षरं बऱ्याचदा पोलंडची निघतात. आणि त्याच पाकिटावर लिहिलेलं असतं की मासा नॉर्वेत वाढवलेला. म्हणजे मासा एका देशाचा, मीठ आणि धूर दुसऱ्या देशाचा, खाणारा तिसऱ्याच देशाचा. आता व्यापारात असं होतंच, त्यात काय मोठंसं, असं कुणीही म्हणेल. पण नॉर्वेच्या लोकांना मासा स्मोक करता येत नाही अशातला भाग नाही, ते पिढ्यानपिढ्या मासे खारवतायत, वाळवतायत, धुरावर धरतायत. तरीही जगात सगळ्यात जास्त अटलांटिक सॅल्मन पिकवणारा हा देश आपला बहुतेक माल पोट साफ करून, थर्माकोलच्या खोक्यात बर्फ घालून, अख्खाच्या अख्खा बाहेर पाठवून देतो.

याचं एक मोठं कारण युरोपियन युनियनच्या ड्युटीच्या तक्त्यात आहे. ताज्या सॅल्मनवर आयातशुल्क 2 टक्के, स्मोक केलेल्यावर 13 टक्के. बस्स. आणि माझं म्हणणं असं की ही 13 टक्क्यांची ड्युटी आता जायला हवी, पण फुकटात नाही, नॉर्वेकडून वसूल करून. वसूल काय करायचं ते पुढे सांगतो.

आधी हे 13 टक्के म्हणजे नक्की किती ते बघू, कारण ऐकायला हा आकडा फारसा वाटत नाही. समजा (हे आकडे हिशोबापुरते धरलेत) एक किलो स्मोक्ड सॅल्मन बनवायला 14 युरोचा कच्चा मासा लागला, आणि मीठ लावणं, धूर देणं, कापणं, पॅक करणं यात 6 युरोची भर पडली, म्हणजे माल 20 युरोचा झाला. नॉर्वेतला स्मोकहाऊसवाला हा माल युरोपियन युनियनमध्ये पाठवतो तेव्हा पूर्ण 20 वर 13 टक्के भरतो, म्हणजे 2 युरो 60 सेंट. पोलंडचा कारखाना तोच मासा कच्चा मागवतो, 14 वर 2 टक्के, म्हणजे 28 सेंट. फरक 2 युरो 32 सेंटचा. आता हा फरक कशावर पडला? माशावर नाही, मासा दोघांचाही तोच आहे. तो पडला मधल्या 6 युरोच्या कामावर. म्हणजे नॉर्वेतल्या माणसाच्या कामावर खरी ड्युटी जवळपास 39 टक्के बसली. कागदावर 13 आणि प्रत्यक्षात 39, आणि ही गंमत फक्त माशाची नाही, कच्चा माल स्वस्तात आत घ्यायचा आणि तयार मालावर ड्युटी चढवत न्यायची ही श्रीमंत बाजारांची जुनी सवय आहे, कोको पिकवणाऱ्या देशांना विचारा.

फक्त इथे ज्याच्यावर ही वेळ आलीय तो देश गरीब नाही, त्यामुळे त्याची दया कुणाला येत नाही. मलाही येत नाही खरं तर. 1970 मध्ये हिट्रा बेटावर ग्रोंटवेट बंधूंनी समुद्रात तरंगत्या जाळ्यांमध्ये सॅल्मन वाढवून दाखवला, तिथून सुरू झालेला धंदा 2023 मध्ये 12 लाख टन आणि 122 अब्ज क्रोनरच्या (नॉर्वेचं चलन) वरच्या निर्यातीवर पोचला. युरोपियन युनियनमध्ये यायचं का, असं नॉर्वेच्या जनतेला दोनदा विचारलं गेलं, 1972 मध्ये आणि 1994 मध्ये, दोन्ही वेळा लोकांनी नाही म्हटलं, आणि दोन्ही वेळा नाही म्हणणाऱ्यांमध्ये कोळी आणि शेतकरी पुढे होते. युनियनच्या एकाच बाजारात यायचं पण कस्टम्स युनियनमध्ये, म्हणजे सगळ्यांची आयात-ड्युटी एकच असलेल्या गटात, यायचं नाही, मासा आणि शेती बाजूला ठेवायची, हा सौदा त्यांनी स्वतः केलाय. त्यामुळे 13 टक्के हा काही अन्याय वगैरे नाही, ती बाहेर राहण्याची किंमत आहे. मला फक्त एवढंच विचारायचंय की ही किंमत वसूल करून युरोपियन युनियनच्या पदरात नक्की काय पडतंय.

नेहमीचं उत्तर असतं, रोजगार. उत्तर पोलंडच्या बाल्टिक किनाऱ्यावर उस्तका नावाचं छोटं गाव आहे, तिथल्या परिसरात सॅल्मन स्मोक करण्याचा प्रचंड कारखाना उभा राहिला. मोरपोल ही कंपनी 1996 मध्ये सुरू झाली आणि बघता बघता जगातली सगळ्यात मोठी सॅल्मन स्मोक करणारी कंपनी झाली. जर्मनीचं मार्केट शेजारी, मजुरी जर्मनीपेक्षा कितीतरी कमी, 2004 मध्ये पोलंड युनियनमध्ये आल्यावर सीमेवरची कटकटही संपली. पोलंडमध्ये सॅल्मनची शेती नावापुरती, आणि पोलिश माणूस काही रोज उठून सॅल्मन खात नाही, तरी वजनाच्या हिशोबात नॉर्वेच्या सॅल्मनचा सगळ्यात मोठा ग्राहक पोलंडच, इतका मासा तिथे येतो, कापला जातो आणि पुढे जातो. हजारो लोकांची पोटं त्यावर चालतात, ते काही खोटं नाही.

पण मोरपोल नंतर कुणी विकत घेतली? मरीन हार्वेस्ट या नॉर्वेच्या कंपनीने, जिचं नाव 2019 पासून मोवी आहे आणि जी जगात सगळ्यात जास्त अटलांटिक सॅल्मन वाढवते. 2012 च्या डिसेंबरमध्ये तिने मोठा हिस्सा उचलला, आणि परवानगी मिळायच्या आतच व्यवहार उरकला म्हणून युरोपियन कमिशनने 2014 मध्ये तिला 2 कोटी युरोचा दंडही ठोकला. म्हणजे बघा, युरोपियन कारखान्यांना नॉर्वेच्या स्पर्धेपासून वाचवायला भिंत बांधली, आणि नॉर्वेच्या सगळ्यात मोठ्या कंपनीने भिंतीच्या आतला कारखानाच विकत घेतला. आता ती भिंत कुणाला थांबवते? मोवीला तर नाहीच. ती थांबवते त्या नॉर्वेतल्या दहावीस माणसांच्या स्मोकहाऊसला, ज्याच्याकडे पोलंडमध्ये कारखाना घ्यायचे पैसे नाहीत. मोठ्याला भिंतीत दार मिळालं, लहान बाहेरच राहिला. मला या सगळ्या प्रकारातली सगळ्यात खटकणारी गोष्ट हीच आहे आणि बाकी काही पटलं नाही तरी निदान एवढं तरी पटावं.

आता दुसरी बाजू, कारण ड्युटी काढली की सगळं काम धावत नॉर्वेला जाईल असं म्हणणारे लोक भीती जरा जास्तच दाखवतात. ताज्या फिलेटवरही ड्युटी 2 टक्केच आहे. म्हणजे निदान मासा कापून, डोकं आणि मधला काटा काढून पाठवायला ड्युटीची काही आडकाठी नाही. तरी बहुतेक मासा अख्खाच जातो. का? एक तर मजुरी, नॉर्वेत माणूस महाग. आणि दुसरं कारण माशाच्या अंगातच आहे. मासा मारल्यावर काही तासांनी तो ताठरतो, आणि फिलेटच्या मांसात रुतलेले बारीक काटे हा ताठरपणा पूर्ण उतरेपर्यंत नीट निघतच नाहीत, ओढले की मांस फाटतं. ताठरायच्या आधी कापला तर काटे तसेच राहतात आणि दोनचार दिवस वाट बघावी लागते. हे दोनचार दिवस मासा तसाही ट्रकमध्ये असतो. म्हणजे उस्तकाला खोकं उघडेपर्यंत मासा काटे काढायला अगदी तयार. प्रवासाचा वेळ फुकट जात नाही, तो प्रक्रियेचाच भाग होऊन बसलाय.

त्यात आणखी एक, पाकिटावरच्या तारखेचं. स्मोक्ड सॅल्मनचं शेल्फ लाइफ काही आठवड्यांचं, आणि घड्याळ पॅक केल्यापासून सुरू होतं. जर्मन सुपरमार्केटला माल हवा असतो पोचताना भरपूर दिवस शिल्लक असलेला, आज ऑर्डर दिली की परवा दारात. ते काम शेजारून जितकं सोपं तितकं उत्तर नॉर्वेतून नाही. शिवाय वर्षाच्या शेवटी, फ्रान्समध्ये तर विशेषच, नाताळ आणि नव्या वर्षासाठी मागणी एकदम उसळते आणि जास्तीचे हात लागतात, ते हात पोलंड, लिथुआनियात मिळतात.

हे सगळं खरं असेल, आणि आहेच, तर मग पोलंडला ड्युटीची गरज काय? मजुरी, जवळीक, काट्यांचं गणित, सगळंच त्यांच्या बाजूने आहे. ड्युटी गेली तरी शंभर ग्रॅमच्या स्वस्त पाकिटांचा धंदा जाणार नाही कुठेच. जाईल तो वरच्या थरातला थोडा धंदा, कोरडं मीठ लावून, सावकाश 20-30 अंशांच्या आत थंड धुरात ठेवून, पाणी उतरवून बनवलेला महागडा माल. स्वस्त मालात बऱ्याचदा मिठाचं पाणी सुयांनी आत सोडतात, वजन टिकतं, वेळ वाचतो, त्याची चवही मग तशीच. कोरड्या मिठात वजन घटतं आणि ते घटलेलं वजन गिऱ्हाइकाच्या बिलात दिसतं. अशा मालावर आणखी 13 टक्के लावले की तो शेल्फवर येतच नाही, आणि युरोपच्या गिऱ्हाइकाला वाटतं की स्मोक्ड सॅल्मन म्हणजे ते ओलसर गुळगुळीतच असतं.

हे मार्केट चवीवर चालतं असं मानणाऱ्यांनी ब्रिटनकडे बघावं. लंडनच्या ईस्ट एंडमध्ये पूर्व युरोपातून आलेल्या ज्यू लोकांनी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी हा धंदा आणला, सुरुवातीला पिंपात खारवलेला बाल्टिकचा सॅल्मन मागवून, मग कळलं की स्कॉटलंडचा मासा हाताशी आहे आणि जास्त चांगला आहे. 1905 पासून चालत आलेलं फोरमन हे तिथलं स्मोकहाऊस अजून आहे, आणि लंडन क्युअर या पद्धतीला 2017 मध्ये भौगोलिक संरक्षणही मिळालं. स्कॉटिश सॅल्मनला तर 1992 मध्येच फ्रान्सचं लाल लेबल, म्हणजे उत्तम दर्जाचा सरकारी शिक्का, मिळालं, फ्रान्सबाहेरच्या अन्नाला मिळालेलं पहिलं. इतकं नाव, इतकी परंपरा. आणि 2021 च्या जानेवारीत ब्रेक्झिट प्रत्यक्षात आल्यावर काय झालं? आरोग्य प्रमाणपत्रं, कस्टम्सची कागदपत्रं, एकाच ट्रकमध्ये अनेकांचा माल असला तर एकाच्या चुकीने सगळ्यांचा माल अडकायचा, आणि मासा काही वाट बघत नाही. स्कॉटिश मासा असेल तर ड्युटी निदान शून्य आहे, पण ब्रिटिश स्मोकहाऊसने नॉर्वेचा मासा आणून धूर दिला आणि फ्रान्सला पाठवला तर तो माल ब्रिटिश धरलाच जात नाही, कारण ब्रिटन आणि युरोपियन युनियनमधल्या व्यापार करारात मासा मुळात करारातल्या देशांचाच असावा अशी अट आहे. मग पुन्हा 13 टक्के. शंभर वर्षांची परंपरा एका बाजूला आणि मूळ देशाचा नियम एका बाजूला, जिंकतो नियमच.

भिंतीचा इतिहास या धंद्यात सगळीकडे असाच आहे, मासा थांबत नाही, वळसा घेतो. 2010 मध्ये चिनी बंडखोर लेखक ल्यू शाओबो यांना ओस्लोत शांततेचं नोबेल जाहीर झालं आणि चीनने नॉर्वेच्या सॅल्मनवर अघोषित राग काढला, नॉर्वेची थेट विक्री कोसळली, आणि गंमत म्हणजे व्हिएतनामला जाणारा नॉर्वेचा सॅल्मन अचानक वाढला. 2016 च्या डिसेंबरमध्ये संबंध सुधारले. 2014 च्या ऑगस्टमध्ये रशियाने युरोपियन युनियन आणि नॉर्वेच्या अन्नावर बंदी घातली तेव्हा रशिया नॉर्वेच्या सॅल्मनच्या सगळ्यात मोठ्या ग्राहकांपैकी एक होता, मग त्या रिकाम्या जागेत फेरो बेटांनी भरपूर मासा विकला, आणि समुद्रच नसलेल्या बेलारूसमध्ये सॅल्मन प्रोसेसिंगला बहर आला, कारण तिथे प्रक्रिया केली की रशियाच्या दारात तो बेलारूसचा माल. अमेरिकेने 1991 मध्ये नॉर्वेच्या ताज्या अख्ख्या सॅल्मनवर अँटी-डंपिंग ड्युटी (माल पडेल भावात आणून ओतला जातोय या आरोपावरून लावलेली) बसवली, ती 2012 पर्यंत चालली, तेवढ्या काळात चिलीने तिथे पक्कं बस्तान बसवलं. अमेरिकेतला सॅल्मन शेतकरी त्यातून किती वाचला हा प्रश्न विचारायलाही तिथे फारसं कुणी उरलेलं नाही. आणि 2025 मध्ये अमेरिकेने पुन्हा ड्युटी चढवल्या, नॉर्वेवर 15 टक्के, चिली आणि ब्रिटनवर 10, म्हणजे परत नवे वळसे.

नॉर्वेच्या आतही यावर वाद आहे हे लक्षात घ्यायला हवं. 2022 च्या सप्टेंबरमध्ये सरकारने सॅल्मनवर 40 टक्क्यांचा जमीनभाड्यासारखा कर सुचवला, ओस्लोच्या शेअर बाजारात सॅल्मन कंपन्या एका दिवसात आपटल्या, भरपूर आरडाओरडा झाला, आणि 2023 मध्ये तो 25 टक्क्यांवर मंजूर झाला. समुद्र सगळ्यांचा, तर त्यातून मिळणारा नफाही थोडा सगळ्यांचा, हा त्यामागचा विचार, आणि मला तो पटतो. पण त्याच वेळी माशाची संख्या बेसुमार वाढवताही येत नाही, 2023 मध्ये समुद्रातल्या जाळ्यांमध्ये 6 कोटी 28 लाख मासे मेले, 16.7 टक्के, माशांना लागणाऱ्या समुद्री उवा आणि रोग आणि जखमा. 2024 च्या सुरुवातीला जखमी माशांचं प्रमाण इतकं वाढलं की अडचण झाली, कारण नॉर्वेचाच नियम आहे की जखमी किंवा वेडावाकडा मासा अख्खा निर्यात करायचा नाही, देशातच कापून साफ करायचा. असा मासा वाढला की नॉर्वेतले कापणारे कारखाने भरतात. म्हणजे देशात काम वाढलं ते मासा आजारी पडल्यामुळे, काय म्हणायचं याला. जास्त मासे वाढवणं शक्य नसेल तर आहे त्याच माशातून जास्त कमाई करणं हा शहाणपणाचा रस्ता, आणि नेमका त्या रस्त्यावर 13 टक्क्यांचा टोलनाका आहे.

तरी नॉर्वेला हे फुकट देऊ नये असं मी म्हणालो, त्याचं कारण चीज. मासा मोकळा सोडा म्हणणाऱ्या याच नॉर्वेने 2013 मध्ये काही कडक चीजवर 277 टक्के आयातशुल्क लावलं. दोनशे सत्त्याहत्तर! गोमांस आणि कोकराच्या मांसावर तर त्याहूनही जास्त. 13 टक्क्यांबद्दल तक्रार करणाऱ्याच्या घरात 277 ची भिंत असेल तर समोरचा हसणारच. पण वाटाघाटीला यापेक्षा चांगला मसाला दुसरा नाही. युरोपियन युनियनने स्मोक्ड सॅल्मनची ड्युटी पाच वर्षांत टप्प्याटप्प्याने शून्यावर आणावी, नॉर्वेने चीजची ड्युटी तितक्याच टप्प्यांनी खाली आणावी. डच, डॅनिश, फ्रेंच चीजवाले खूश, नॉर्वेचा लहान स्मोकहाऊसवाला खूश, आणि नॉर्वेच्या गिऱ्हाइकालाही चीज जरा स्वस्त. नॉर्वेचे दूध उत्पादक चिडतील हे उघड आहे, डोंगरउतारावर थंडीत गाई पाळणं सोपं नाही, त्यांना थेट मदत द्यायला त्या सरकारकडे पैसा कमी नाही, आता तर सॅल्मनचा करही येतोय.

लहान स्मोकहाऊससाठी खरी परीक्षा ड्युटीची नसून स्वच्छतेची असणार, हेही मान्य करायला हवं. थंड धुरात मासा शिजत नाही, त्यामुळे लिस्टेरिया हा जंतू हा या मालाचा कायमचा शत्रू, फ्रिजमध्येही तो वाढतो. अमेरिका 25 ग्रॅमच्या नमुन्यात तो सापडलाच नाही पाहिजे म्हणते. युरोपात ग्रॅममागे 100 पर्यंतची मर्यादा आहे, पण 1 जुलै 2026 पासून नियम कडक होतोय, शेल्फ लाइफ संपेपर्यंत ही मर्यादा ओलांडली जाणार नाही हे उत्पादकाला पुराव्याने दाखवता आलं तरच ती सवलत, नाहीतर दुकानातल्या पाकिटातही जंतू सापडता कामा नये. असे पुरावे म्हणजे लॅबच्या चाचण्या, आणि त्यांचा खर्च मोठ्या कारखान्याला कळतही नाही, लहान माणसाचा मात्र घाम निघतो. पण ही अडचण योग्य कारणासाठी आहे, खाणाऱ्याच्या जिवासाठी, आणि ती पोलंड, फ्रान्स, नॉर्वे सगळ्यांना सारखी लागू आहे. ड्युटीबद्दल असं काहीच म्हणता येत नाही.

हा सौदा लगेच होईल असं मला वाटत नाही. ब्रुसेल्समध्ये प्रोसेसिंगवाल्यांची लॉबी आहे, ओस्लोत दूधवाल्यांची आहे, आणि ज्या मोठ्या सॅल्मन कंपन्यांनी जोर लावला असता त्यांचे कारखाने आधीच भिंतीच्या आत उभे आहेत, त्यांना कशाला घाई असेल.